डोक्यातला निळा ठिपका

सोसायटीत पाणी सोडणाऱ्या माणसाचं नाव माहितीये तुम्हाला? बहुतेक नसेलच. चेअरमनचं माहीत असतं, सेक्रेटरीचं असतं, पार्किंगवरून रोज भांडणाऱ्या चौथ्या मजल्यावरच्या काकांचं तर असतंच असतं. पण खाली पंपापाशी उभं राहून व्हॉल्व्ह फिरवणारा तो एक माणूस... त्याची आठवण फक्त एकाच दिवशी येते. तो सुट्टीवर जातो त्या दिवशी! मग सातव्या मजल्यावर कुणी तोंडाला फेस लावून ओरडतंय, तर पाचव्यावर कुणाचं वॉशिंग मशिन मधेच थांबलंय.

तुमच्या-माझ्या मेंदूतही असा एक गडी आहे. मेंदूतल्या चेअरमन-सेक्रेटरींबद्दल आपण ढीगभर वाचतो. लेफ्ट ब्रेन-राइट ब्रेन झालं, आयक्यू-ईक्यू झालं, हल्ली तर डोपामिनशिवाय कुणाचं पान हलत नाही. पण तळघरातल्या या गड्याकडे कुणी ढुंकून बघत नाही. त्याचं नाव लोकस सेरुलियस. शब्द लॅटिन आहेत, अर्थ अगदी साधा... निळी जागा. आपण त्याला निळा ठिपका म्हणूया.

आणि आज हाच विषय का? तर तुमच्या ऑफिस चॅटवर नावाशेजारी जो हिरवा ठिपका असतो ना, त्याच्यामुळे. तोच तो, 'अव्हेलेबल'वाला. तो दिवसभर आणि रात्रीही पेटता ठेवणं ही हल्ली एक क्वालिफिकेशन समजली जाते. 'मी ट्वेंटी-फोर बाय सेव्हन ऑन असतो' हे वाक्य इंटरव्ह्यूमध्ये छाती फुगवून सांगणारे किती तरी जण मला माहीत आहेत. त्या हिरव्या ठिपक्याची पावती मात्र या निळ्या ठिपक्याच्या नावाने फाटते. कशी ते बघूया.

पत्ता : तळमजला, मागची बाजू

फ्लॉवरचा गड्डा डोळ्यांसमोर आणा. वरचा पांढरा तुरा म्हणजे मोठा मेंदू. विचार, भाषा, हिशेब, इन्क्रिमेंटची स्वप्नं वगैरे सगळं तिथे. आणि खालचा दांडा म्हणजे ब्रेनस्टेम. मेंदूतून निघालेलं वायरिंग याच दांड्यातून खाली मज्जारज्जूत उतरतं. श्वास, हृदयाचे ठोके, गिळणं, झोप आणि जाग ही बिनबोभाट चालणारी कामं इथूनच सांभाळली जातात.

दांड्याचे तीन मजले. वर मिडब्रेन, मध्ये पॉन्स, खाली मेड्युला. पॉन्स म्हणजे लॅटिनमध्ये पूल. या पुलाच्या वरच्या भागात, पाठीमागच्या बाजूला, पाण्यासारख्या द्रवाने भरलेली एक छोटी पोकळी आहे. तिच्या तळाजवळ डावीकडे एक आणि उजवीकडे एक असे दोन निळे ठिपके बसलेत.

ठिपका म्हटलं तरी आकार लांबुडका. साधारण १५ मिलिमीटर लांब आणि दोनेक मिलिमीटर रुंद. शिजलेल्या बासमतीचं एक शीत समजा. बिर्याणीच्या ताटात शोधूनही सापडायचं नाही.

डॉक्टरी भाषेत अशा ठिपक्याला न्यूक्लिअस म्हणतात. न्यूक्लिअस म्हटलं की आपल्याला नववीच्या विज्ञानातली पेशीची आकृती आठवते, पण इथे अर्थ वेगळा आहे. एकाच धंद्यातल्या चेतापेशींनी, म्हणजे न्यूरॉन्सनी, एकत्र केलेली वस्ती म्हणजे न्यूक्लिअस. या वस्तीत लोकसंख्या किती? दोन्ही बाजू मिळून फार तर ५० हजारांच्या आसपास. आणि अख्ख्या मेंदूत न्यूरॉन्स आहेत सुमारे ८६ अब्ज. म्हणजे सतरा लाखांमागे एक! सतरा लाख वस्तीच्या शहरात पाणी सोडणारा माणूस एकच असेल तर त्याची काय धावपळ होईल, विचार करा.

निळा का बरं?

१७८६ साली फेलिक्स विक दाझिर या फ्रेंच डॉक्टरने मेंदूवरचं आपलं सचित्र पुस्तक काढलं, त्यात या जागेची पहिली नोंद सापडते. हा साधासुधा डॉक्टर नव्हता बरं का, फ्रान्सची राणी मारी आंत्वानेत त्याची पेशंट होती. पुढे १८१२ मध्ये योझेफ आणि कार्ल वेंत्सेल या जर्मन भावांनी तिला लोकस सेरुलियस हे नाव दिलं. दिसतं निळं, म्हणून निळी जागा. विषय संपला! ती करते काय, याचा पत्ता पुढची दीडशे वर्षं कुणालाच नव्हता.

कोडं सुटायला १९६४ साल उजाडलं. स्वीडनमध्ये अनिका डाल्स्ट्रॉम आणि शेल फुक्से या दोघा तरुण संशोधकांनी उंदरांच्या मेंदूच्या पातळ चकत्यांवर एक खास रासायनिक प्रक्रिया केली. तिच्यामुळे ठरावीक रसायन बाळगणाऱ्या पेशी सूक्ष्मदर्शकाखाली चमकायला लागतात. रात्रीच्या विमानातून खाली शहर दिसावं तसं. काळोखात दिव्यांचे पुंजके. त्यातल्या एका पुंजक्याला त्यांनी ए-सिक्स असा नंबर दिला. तोच आपला निळा ठिपका. आणि त्याच्याकडे सापडलेला माल म्हणजे नॉरॲड्रेनलिन.

हे नाव ओळखीचं वाटतंय ना? ॲड्रेनलिनचं सख्खं भावंड. अंगावर कुत्रा धावून आला की छातीत धडधडतं, त्यात या दोघांचाही हात असतो. पण मेंदूच्या आत नॉरॲड्रेनलिनचं काम जरा वेगळं आहे. ते मेंदूला सांगतं, 'जागा हो, इकडे लक्ष दे, हे महत्त्वाचं आहे.' हे रसायन बनवताना पेशींमध्ये काळपट-तपकिरी रंगाचा गाळ साचत जातो. त्याला न्यूरोमेलॅनिन म्हणतात. मेंदूच्या आवरणातून बघितलं की तो निळसर दिसतो. गंमत म्हणजे तान्ह्या बाळाचा ठिपका निळा नसतोच. वयाबरोबर रंग चढत जातो. थोडक्यात, तुमचा निळा रंग हा तुमच्या आतापर्यंतच्या जागरूकतेचा साचलेला हिशेब आहे!

नळ नाही, स्प्रिंकलर

बहुतेक न्यूरॉन्स नळासारखे असतात. इथून निघाला, तिथे पोचला, समोरच्या पेशीच्या कानात काय ते सांगितलं, झालं. निळ्या ठिपक्यातले न्यूरॉन्स बागेतल्या स्प्रिंकलरसारखे आहेत. एकेका पेशीची तार फुटत-फुटत लांबवर जाते, आणि वाटेत जागोजागी असलेल्या बारीक गाठींमधून नॉरॲड्रेनलिन शिंपडत जाते. विचार करणारं कॉर्टेक्स, आठवणी सांभाळणारं हिपोकॅम्पस, भीती ओळखणारं अमिग्डला, तोल सांभाळणारा लहान मेंदू आणि खाली थेट मज्जारज्जू. एवढ्या सगळ्या ठिकाणी पाणी याच दोन ठिपक्यांचं. कॉर्टेक्सला मिळणारं नॉरॲड्रेनलिन तर जवळजवळ सगळं इथूनच येतं. दुसरी लाइन नाही, टँकरही नाही.

आणि हा गडी स्वतःच्या मनाने व्हॉल्व्ह फिरवत नाही. त्याला वरून, खालून, चारी बाजूंनी फोन येत असतात. कॉर्टेक्सचा पुढचा भाग सांगतो की हे काम महत्त्वाचं आहे. अमिग्डला ओरडतं की धोका, धोका! हायपोथॅलॅमस कळवतो की दिवस उजाडला, जागं राहायचंय. पोट, हृदय आणि फुप्फुसांच्या खबरीही खालच्या मजल्यावरून वर पोचतात. या सगळ्यांचं ऐकून तो ठरवतो, आज प्रेशर किती सोडायचं.

हा व्हॉल्व्ह किती उघडलाय याचा अंदाज बाहेरूनही येतो. डोळ्यातून! १९६६ साली डॅनियल कानेमन आणि जॅक्सन बीटी यांनी लोकांना आकडे लक्षात ठेवायला सांगितले, आणि त्यांच्या बाहुल्या मोजल्या. जेवढे जास्त आकडे, तेवढी बाहुली मोठी. आकडे सांगून टाकले की बाहुली पुन्हा लहान. (हेच ते कानेमन, ज्यांना पुढे २००२ मध्ये अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं.) नंतर माकडांच्या निळ्या ठिपक्यात बारीक तारा घालून बघितलं, तेव्हा ठिपक्याचा जोर आणि बाहुलीचा आकार बऱ्याच अंशी जोडीने वर-खाली होताना दिसला. तेव्हा ॲप्रेझलच्या मीटिंगमध्ये चेहरा कितीही कूल ठेवा, बाहुल्या चुगली करणारच.

फ्लॅश आणि ट्यूबलाइट

आता मुद्द्याचं. निळ्या ठिपक्याची काम करण्याची पद्धत मोठी मजेशीर आहे. तो फार हळू चालतो. आपण शांतपणे जागे असताना त्यातला एकेक न्यूरॉन सेकंदाला साधारण एक ते तीन ठोके देतो, बस्स. पण काही महत्त्वाचं समोर आलं, म्हणजे कुणी नाव घेऊन हाक मारली किंवा ज्याची वाट बघत होतो ते दिसलं, की एकदम दोन-चार ठोक्यांची सर येते आणि लगेच शांतता. कॅमेऱ्याच्या फ्लॅशसारखं. क्लिक... आणि पुन्हा अंधार.

दुसरी पद्धत ट्यूबलाइटची. फ्लॅश नाही, पण मागचा उजेड कायम चढलेला. ठोके सतत जास्त.

गॅरी ॲस्टन-जोन्स या अमेरिकन शास्त्रज्ञाने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९९० च्या दशकात माकडांना एक कंटाळवाणं काम दिलं. स्क्रीनवर ठरावीक खूण आली तरच प्रतिसाद द्यायचा, बाकीच्या खुणांकडे दुर्लक्ष करायचं. (ओळखीचं वाटतंय? एक्सेलमध्ये चुका शोधणं म्हणजे दुसरं काय!) माकडांचा निळा ठिपका फ्लॅशवर होता तेव्हा काम झकास झालं. ठिपका सुस्त होता तेव्हा माकडं पेंगली. आणि ट्यूबलाइट चढलेली होती तेव्हा? तेव्हा माकडं पूर्ण जागी होती, पण नजर भिरभिर, नको त्या खुणेला प्रतिसाद, चुकांवर चुका.

परत वाचा हे. जागं असणं आणि लक्ष असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ट्यूबलाइट मोडमधला माणूस झोपाळू अजिबात दिसत नाही. उलट भलताच ॲक्टिव्ह दिसतो. मेल उघडतो, बंद करतो, चॅटला उत्तर देतो, दुसरी टॅब उघडतो, पहिली का उघडली होती ते विसरतो. सात वाजता लॅपटॉप मिटताना त्याला वाटतं, बाप रे, आज किती काम केलं! आणि केलं काय ते मात्र सांगता येत नाही.

ट्यूबलाइट मोड वाईट असतो असं नाही. २००५ मध्ये ॲस्टन-जोन्स आणि जोनाथन कोहेन यांनी त्यामागचं कारण मांडलं. हातातल्या कामातून काही मिळत असेल तर फ्लॅश, तिथेच टिकून राहा. मिळेनासं झालं तर ट्यूबलाइट, आजूबाजूला काही बरं आहे का ते बघ. एका झाडावरची फळं संपली की माकडाने दुसरं झाड शोधायला हवंच की! आपण नोकरीच्या साइट्स उघडतो ते आणखी काय असतं? प्रश्न येतो तो दर तीन मिनिटांनी खिशात फोन थरथरतो तेव्हा. प्रत्येक थरथर सांगते, दुसऱ्या झाडावर काहीतरी आहे. माकडाने मग फळ खायचं कधी?

'थोडं प्रेशर हवंच'

हे प्रत्येक टीम लीडचं लाडकं वाक्य. आणि ते अर्धं खरं आहे. १९०८ साली रॉबर्ट यर्क्स आणि जॉन डॉडसन यांनी उंदरांना दोन खोक्यांतलं योग्य खोकं ओळखायला शिकवलं. चुकलं की विजेचा झटका. खोक्यांमधला फरक सहज दिसणारा होता तेव्हा झटका जितका मोठा, तितके उंदीर लवकर शिकले. पण फरक बारीक केला, काम अवघड केलं, तेव्हा मोठ्या झटक्याने उंदीर गडबडले. सगळ्यात छान शिकले ते मध्यम झटक्यावर.

त्या काळात निळ्या ठिपक्याचं काम कुणाला ठाऊक नव्हतं. आज त्या वळणदार आलेखाचं एक चांगलं स्पष्टीकरण या ठिपक्यातच सापडतं. कमी उघडला तर पेंग, मध्यम उघडला तर फ्लॅश, जास्त उघडला तर भिरभिर. तेव्हा लीड साहेब, पाकिटं चिकटवायची असतील तर खुशाल ओरडा. डिझाइन करायचं असेल, कोड लिहायचा असेल, क्लायंटला पटेल असं काही सुचायचं असेल तर जरा हळू.

बटण दाबून ठेवलं तर?

आता याच्या पुढची पायरी. २०१० मध्ये अमेरिकेत स्टॅनफर्डला लुइस दे लेसेया यांच्या प्रयोगशाळेत उंदरांच्या निळ्या ठिपक्यात प्रकाशावर चालणारं बटण बसवलं गेलं. प्रकाश टाकला की ठिपका चालू. झोपलेला उंदीर काही सेकंदांत टक्क जागा! आपल्या अलार्मला हे जमलं असतं तर! पण तेच बटण जोरात आणि जास्त वेळ दाबून ठेवलं, तेव्हा उंदीर धावायचे सोडून जागच्या जागी थिजले. डोळे उघडे, हालचाल बंद. बटण सोडल्यावर पुन्हा सुरू.

२०१५ मध्ये दुसऱ्या एका गटाने ठिपक्याचा सततचा वेग थोडा वाढवून बघितला. फार नाही, सेकंदाला पाच ठोके. धोका कसलाच नाही, मांजर नाही, आवाज नाही. तरी उंदीर मोकळ्या जागेत जायचे टाळू लागले आणि भिंतीला, कोपऱ्याला चिकटून राहू लागले. उलट ताणाखालच्या उंदरांचा ठिपका शांत केला, तेव्हा ही घाबरट वागणूक दिसली नाही.

रविवारी दुपारी काहीही झालेलं नसताना पोटात खड्डा पडतो ना? सोमवारची मीटिंग अजून अठरा तास लांब आहे, फोन शांत आहे, समोर आईच्या हातचं जेवण आहे, तरी आत कुणीतरी घाबरलेलं आहे. माणसाचं मन उंदराएवढं सरळ नसतं, मान्य. पण धोका नसतानाही धोक्याची घंटा वाजू शकते, आणि तो मनाचा कमकुवतपणा नसून तळघरातला एक व्हॉल्व्ह जास्त उघडा राहिलेला असू शकतो, एवढं कळलं तरी स्वतःवरचा राग थोडा कमी होतो. निदान माझा झाला.

एकच सुट्टी

या गड्याला आराम कधी मिळतो? १९८१ मध्ये ॲस्टन-जोन्स आणि फ्लॉइड ब्लूम यांनी उंदरांच्या ठिपक्याची चोवीस तासांची हजेरी घेतली. जागेपणी ठोके सगळ्यात जास्त, झोप लागली की कमी, आणि रेम झोपेत, म्हणजे जिच्यात आपल्याला सगळ्यात रंगीत स्वप्नं पडतात त्या झोपेत, जवळजवळ शून्य. दिवसातली ही त्याची एकमेव पूर्ण सुट्टी. माणसात रेमचा मोठा हिस्सा पहाटेच्या झोपेत येतो. सहाऐवजी चारचा अलार्म लावला की पहिली कात्री याच सुट्टीला लागते.

गाढ झोपेतही तो पूर्ण गप्प नसतो, पण काम बदलतो. २०२५ मध्ये मायकेन नेदरगार्ड यांच्या गटाने उंदरांमध्ये दाखवलं, की गाढ झोपेत नॉरॲड्रेनलिनची पातळी साधारण दर ५० सेकंदांनी संथपणे वर-खाली होते. तिच्याबरोबर मेंदूतल्या रक्तवाहिन्या आवळतात-सैलावतात आणि त्या पंपिंगने मेंदूभोवतीचा द्रव आत खेळतो, दिवसभराचा कचरा धुऊन नेतो. झोल्पिडेम हे झोपेचं औषध दिलेल्या उंदरांमध्ये या लाटा कमी झाल्या आणि धुणंही कमी झालं. (उंदरांवरचा अभ्यास आहे. डॉक्टरांनी दिलेली गोळी हे वाचून बंद करू नका, त्यांनाच विचारा.)

आता ज्या गोष्टीसाठी हा सगळा प्रपंच, ती. माझी एक मैत्रीण गेली तीन वर्षं अमेरिकन क्लायंटसाठी रात्री काम करते. न्यूयॉर्कमध्ये सकाळचे नऊ वाजतात तेव्हा आपल्याकडे संध्याकाळचे साडेसहा किंवा साडेसात. त्यांचं ऑफिस सुटतं तेव्हा आपल्याकडे मध्यरात्र उलटून गेलेली. 'वीकएंडला भरून काढते गं,' हे तिचं नेहमीचं वाक्य. शनिवारी दुपारी दोनपर्यंत झोपते, आणि हिशेब चुकता झाला असं समजते.

२०१४ मध्ये पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाच्या सिग्रिड व्हीझी यांनी नेमका हाच हिशेब तपासला. उंदरांना शिफ्टवाल्यांसारखं वेळापत्रक लावलं. झोपेच्या वेळेत आठ-आठ तास जागरण, सलग तीन दिवस. एकदाच थोडं जागरण झालं, तेव्हा निळ्या ठिपक्यातल्या पेशींनी स्वतःला वाचवणारं एक प्रथिन वाढवलं आणि निभावून नेलं. पण जागरण लांबलं तेव्हा ही ढाल उतरली. तपासणीत ठिपक्यातले सुमारे २५ टक्के न्यूरॉन्स गेलेले होते. थकलेले नव्हेत. गेलेले!

हे उंदीर होते, माणसं नव्हेत. माणसाच्या मेंदूत शिरून जिवंतपणी पेशी मोजता येत नाहीत. पण निळ्या ठिपक्याची काळजी वाटावी असं एक काम माणसांवरही झालंय. जर्मनीत हायको ब्राक यांच्या गटाने २०११ मध्ये एक ते शंभर वयाच्या लोकांचे, मृत्यूनंतर तपासलेले २,३३२ मेंदू अभ्यासले. अल्झायमरमध्ये बिघडणारं टाऊ नावाचं प्रथिन आहे. त्याच्यातले अगदी सुरुवातीचे बदल त्यांना ब्रेनस्टेममध्ये, मुख्यतः निळ्या ठिपक्यात दिसले, आणि काही जणांत तर विशीतच. असे बदल दिसलेल्या प्रत्येकाला अल्झायमर होतो असं मुळीच नाही. पण पार्किन्सन्स असो वा अल्झायमर, दोन्हींत या वस्तीतल्या पेशी मोठ्या संख्येने जातात. आणि म्हातारपणी लागणारा हा साठा आपण पंचविशी-तिशीत वापरत असतो.

मैत्रिणीला हे सांगितलं. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, 'नाइट अलाउन्स गेला तर होम लोनचा हप्ता कोण भरणार?' बरोबरच आहे तिचं. 'वेळेवर झोपा' हा सल्ला देणाऱ्याचं काय जातं? शिफ्ट ती लावत नाही. म्हणून हा सगळा मामला तिच्या सवयींच्या खात्यात टाकून मोकळं होणं मला पटत नाही. तिने मात्र एक केलं. दर आठवड्याला बदलणारी शिफ्ट महिनाभर एकच ठेवा, आणि रात्रीच्या ड्यूटीनंतर सकाळी अकराची 'छोटीशी' मीटिंग बंद करा, अशी मागणी टीममधल्या सहा जणांच्या सह्यांनी मॅनेजरकडे दिली. मीटिंग बंद झाली. शिफ्टचं 'बघू' वर आहे.

व्हॉल्व्ह आपल्याही हातात थोडा

ऑफिसच्या पातळीवर व्हायचं ते होईल. तोवर आपल्या हातातल्या तीन गोष्टी.

पहिली, श्वास. २०१७ मध्ये स्टॅनफर्ड आणि लॉस एंजेलिसच्या संशोधकांना उंदरांच्या ब्रेनस्टेममध्ये, श्वासाची लय ठरवणाऱ्या केंद्रात, जेमतेम १७५ न्यूरॉन्सचा एक गट सापडला. त्याची लाइन थेट निळ्या ठिपक्याला जाते. म्हणजे श्वासाचा वेग काय चाललाय याची खबर व्हॉल्व्हवाल्याला सतत मिळते. हा गट काढून टाकला तेव्हा उंदरांचा श्वास चालू राहिला, पण उंदीर भलतेच निवांत झाले. अंग चाटत बसून राहिले. आजी सांगायची, रागावलास की दहा दीर्घ श्वास घे... त्यामागची वायरिंग अशी आहे. प्रेझेंटेशनच्या आधी वॉशरूममध्ये दोन मिनिटं सावकाश श्वास सोडायला पैसे पडत नाहीत.

दुसरी, चहा-कॉफी. दिवसभर मेंदूत अडेनोसिन नावाचं रसायन साचतं आणि जागं ठेवणाऱ्या केंद्रांना 'आता पुरे' म्हणतं. कॅफिन त्याच्या खुर्चीवर जाऊन बसतं, त्यामुळे निरोप पोचतच नाही. थकवा तिथेच असतो, फक्त त्याची तक्रार बंद होते. पोटातलं निम्मं कॅफिन उतरायला साधारण पाच तास लागतात. संध्याकाळी सातला घेतलेल्या कॉफीचा अर्धा कप रात्री बाराला तुमच्याबरोबर अंथरुणात असतो.

तिसरी, फ्लॅशला संधी. दिवसातून एकदा, फक्त पाऊण तास, एकच काम. फोन बॅगेत, चॅट बंद, नावापुढचा तो हिरवा ठिपका करडा. पहिल्या दहा मिनिटांत हात आपोआप बॅगेकडे जाईल. जाऊ दे. माकडाला वाटतंय दुसऱ्या झाडावर काहीतरी आहे. नसतं हो! बहुतेक वेळा तिथे फक्त 'ओके, नोटेड' असतं.

आणि कुणी विचारलंच की पाऊण तास कुठे गायब होतास, तर सांगा, खाली पाण्याचा व्हॉल्व्ह बघायला गेलो होतो.